कऱ्हा नदी : उगम, प्रवाह आणि पाण्याचे गणित

कऱ्हा ही पुणे जिल्ह्यातील एक लहान नदी असून ती नीरा नदीची उपनदी आहे. नीरा पुढे भीमेला आणि भीमा कृष्णेला मिळते. म्हणजे कऱ्हेचे पाणी अखेर बंगालच्या उपसागरात जाते. पुरंदर आणि बारामती हे दोन तालुके तिच्या खोऱ्यात येतात.

उगम आणि प्रवाह

पुरंदर तालुक्याच्या पश्चिमेकडील डोंगराळ भागात, गराडे गावाच्या परिसरात कऱ्हा उगम पावते. तिथून ती साधारण आग्नेयेकडे वाहते. सासवड येथे तिला चांबळी नदी मिळते. या संगमावर संगमेश्वराचे जुने मंदिर आहे. पुढे जेजुरीजवळ नाझरे धरण लागते. त्याच्या जलाशयाला मल्हारसागर म्हणतात. त्यानंतर पांडेश्वर, मोरगाव आणि बारामती या गावांवरून जात सोनगाव येथे ती नीरेला मिळते.

दोन डोंगररांगांमधले खोरे

कऱ्हेच्या उत्तरेला भुलेश्वराची रांग आहे. हीच रांग कऱ्हेचे खोरे मुळा-मुठेच्या खोऱ्यापासून वेगळे करते. पुण्याहून सासवडला जाताना दिवे घाट चढला की आपण एका खोऱ्यातून दुसऱ्या खोऱ्यात येतो. दक्षिणेला पुरंदर आणि वज्रगड किल्ल्यांचे डोंगर आहेत.

पाणी कमी का?

नीरेचा उगम सह्याद्रीत, भरपूर पावसाच्या पट्ट्यात होतो. कऱ्हेचा उगम मात्र मुख्य कड्यापासून पूर्वेला आहे. मोसमी वारे तिथे पोहोचेपर्यंत त्यांतील बरेचसे बाष्प घाटमाथ्यावर बरसून गेलेले असते. खाली कठीण काळा बेसाल्ट खडक असल्याने भूजलही मर्यादित असते. त्यामुळे पावसाळा सरला की पात्र लवकर आटते.

शेतीवरही याचा ठसा आहे. कमी पाण्यावर तग धरणारी अंजीर आणि सीताफळ ही पुरंदरची प्रमुख फळे. पुरंदरच्या अंजिराला 2016 मध्ये भौगोलिक मानांकन मिळाले. बारामती तालुक्यात तर फरक डोळ्यांना दिसतो. नीरा डाव्या कालव्याखालचा भाग उसाचा, बागायती. कालव्याचे पाणी न पोहोचणारा भाग जिराईत. पुरंदर उपसा सिंचन योजनेतून मुळा-मुठेचे पाणी डोंगर ओलांडून या खोऱ्यात आणले जाते. त्यात पुणे शहराचे सांडपाणीही मिसळलेले असते. त्यामुळे पाणी किती मिळते याइतकाच ते कसे आहे हा प्रश्नही महत्त्वाचा ठरतो.

कोरडी नदी, अचानक पूर

वर्षातला बराच काळ कोरडी असणारी नदी निरुपद्रवी वाटते. पण तसे नाही. खोरे लहान आणि उतार उघडे असल्याने मोठा पाऊस झाला, की पाणी काही तासांतच पात्रात येते. 25 सप्टेंबर 2019 च्या रात्री पुरंदर परिसरात अतिवृष्टी झाली आणि कऱ्हेला मोठा पूर आला. नाझरे धरणातून पाणी सोडावे लागले आणि बारामतीत नदीकाठच्या लोकांना सुरक्षित ठिकाणी हलवावे लागले. पात्र कोरडे दिसते म्हणून त्यात भराव किंवा बांधकाम करणे किती धोक्याचे आहे, हे अशा वेळी कळते.

श्रद्धा आणि साहित्य

सासवडला संत सोपानदेवांची समाधी आहे आणि मोरगावला अष्टविनायकांपैकी मयूरेश्वर. सोमवती अमावस्येला जेजुरीच्या खंडोबाची पालखी कऱ्हास्नानासाठी नदीवर येते. पुरेसा पाऊस नसला, तर या स्नानासाठीही पात्रात पाणी नसते. ‘करा’ म्हणजे लहान मडके. पांडवांच्या यज्ञाच्या वेळी ब्रह्मदेवाचा कमंडलू कलंडला आणि त्यातून ही नदी वाहिली, अशी लोककथा आहे.

याच परिसरातील कोडीत गावी 1898 मध्ये जन्मलेल्या आचार्य अत्रे यांनी आपल्या आत्मचरित्राला ‘कऱ्हेचे पाणी’ हे नाव दिले. त्यामुळे ही छोटी नदी जिथे वाहत नाही, तिथल्या मराठी वाचकांनाही तिचे नाव ओळखीचे झाले.