बार्शी लाईट

कुणी रेंगाळत चाललं की आमच्या घरातली जुनी माणसं म्हणायची, "आली बघा बार्शी लाईट!" आमचं गाव ढोकीच्या अलीकडं. म्हणजे तेव्हाच्या निजामाच्या मुलखात, पण इंग्रजी हद्दीपासून फार लांब नाही. त्यामुळं ही गाडी आम्हाला चेष्टेचीही होती आणि मायेचीही. देश जोडला गेला म्हणतात तेव्हा मोठमोठी नावं पुढं येतात. आमच्याकडं तो जोडला अडीच फूट रुंदीच्या रुळांनी. आणि तेही एका दमात नव्हे.

मुंबईहून सोलापूरकडं जाणारा मोठा लोहमार्ग बार्शीला टाळून गेला होता. स्टेशनाचं नाव 'बार्शी रोड', म्हणजे आजचं कुर्डुवाडी. प्रत्यक्ष बार्शी तिथून एकवीस मैल. बार्शी ही कापसाची, धान्याची पेठ. माल बैलगाड्यांनी स्टेशनावर न्यायचा. पावसाळ्यात काळ्या रानात चाकं रुतली की दोन-दोन दिवस मुक्काम. एव्हरार्ड कॅलथ्रॉप या इंग्रज इंजिनियरनं इथं अरुंद रूळ टाकायचं ठरवलं आणि १८९७ साली गाडी बार्शीत आली. पुढं १९०६ मध्ये ती पंढरपूरला पोचली, १९११ मध्ये लातूरला आणि १९२७ मध्ये मिरजेला. रूळ हलके, डबे हलके, खर्च कमी. म्हणून नाव 'लाईट'.

कंपनीनं रूळ टाकले ते नफ्यासाठी, मालासाठी. तूर, ज्वारी, कापूस, शेंगा. लातूरची पेठ मोठी झाली त्यात या गाडीचा मोठा वाटा आहे. पण लोकांनी गाडीचा स्वतःला हवा तसा उपयोग केला. आषाढी-कार्तिकीला डब्यात मुंगीला शिरायला वाव नसायचा. ज्यांच्या पायांना वारी झेपत नव्हती अशी म्हातारीकोतारी माणसं या गाडीनं विठोबाला भेटून आली. आजोबा म्हणायचे, "गाडीत कुणी कुणाची जात इचारत न्हवतं, जागा हाय का एवढंच इचारायचं." हे अर्धंच खरं. मांडीला मांडी लागली, पण फलाटावर पाणी पिताना माणसं पुन्हा आपापल्या ठिकाणी गेली. रुळांनी अंतर मोडलं. विटाळ मोडायला दुसरी माणसं लागली, आणि ते काम अजून संपलेलं नाही.

या गाडीची खरी गंमत वेगळीच होती. पांगरी इंग्रजांच्या हद्दीत आणि येडशी निजामाच्या. मध्ये डोंगर. गाडी तो ओलांडून आली की राज्य बदलायचं. करोडगिरीचे लोक गाठोडी तपासायचे. जकातीला आमच्याकडं करोडगिरी म्हणत. खिशातला कलदार रुपया इथं परका आणि हाली रुपया तिकडं परका. सराफ बट्टा कापून बदलून द्यायचा. टपालाची तिकिटंसुद्धा वेगळी. इंग्रजी मुलखात १८५४ पासून अर्ध्या आण्यात हलकं पत्र कितीही लांब जायचं. बार्शीहून कलकत्त्याला आणि बार्शीहून सोलापूरला एकच दर. मला ही फार मोठी गोष्ट वाटते. अंतर कितीही असो, किंमत एकच, म्हणजे लांबचा माणूसही जवळचाच धरला. आमच्या बाजूला मात्र पत्राचंही राज्य निराळं होतं.

म्हणजे रूळ जोडलेले होते, माणसं जोडलेली नव्हती. याचा दाखला १९४७-४८ मध्ये मिळाला. देश स्वतंत्र झाला, आम्ही झालो नाही. रझाकारांच्या भीतीनं आमच्या भागातली कितीतरी कुटुंबं हद्द ओलांडून बार्शीकडं, सोलापूरकडं गेली. आजी सांगायची, "गाडी व्हती की, पर ठेसनावर जायाची छाती कुणाची? रातीचं बैलगाडीनं गेलो, चाकाला चिंध्या बांधून, आवाज नगं म्हणून." घरापासून काही कोसांवर रेल्वे आणि जीव वाचवायला बैलगाडी! ज्या वाटेवर भीती बसलेली असते, ती वाट असून नसल्यासारखी.

१३ सप्टेंबर १९४८ ला फौजा शिरल्या आणि १७ तारखेला निजामानं शरणागती दिली. करोडगिरीची नाकी, हाली नाणं हळूहळू गेलं. १९५० साली निजामाचं टपाल भारतीय टपालात मिसळलं. १९५४ साली बार्शी लाईट सरकारनं ताब्यात घेतली. तेच रूळ, तेच डबे, पण येडशीला आता कुणी गाठोडं सोडायला सांगत नव्हतं. आजोबांच्या लेखी स्वातंत्र्य म्हणजे हेच.

रेल्वेनं पेठा जोडल्या. गावं जोडली ती एसटीनं. मुंबई राज्यात १ जून १९४८ ला पुणे-नगर गाडी सुटली, आमच्या फुफाट्यापर्यंत यायला तिला पुढं बरीच वर्षं लागली. पण आली तेव्हा एकटी आली नाही. टपावर पेपरचे गठ्ठे आणि टपालाची थैली, आत तालुक्याच्या शाळेला जाणारी पोरं आणि दवाखान्याला निघालेली बाई. मुंबईच्या गिरणीत गेलेल्या पोराची मनिऑर्डरही त्याच थैलीतून यायची. गावात मुलींनी दहावीच्या पुढं शिकायला सुरुवात केली ती एसटीच्या पासामुळं, असं मी म्हटलं तर आमच्याकडच्या बाया मान डोलावतील.

अरुंद रूळ गेले. २००८ पर्यंत लातूर ते कुर्डुवाडी रुंद मार्ग झाला आणि तो धाराशिवमार्गे वळसा घालून नेला. पुढं पंढरपूर-मिरजेकडचा भागही रुंद झाला. त्याचं मोल कळलं २०१६ साली. लातूर शहराचं पाणी संपलं होतं. घागरींच्या रांगांवर भांडणं होत होती. एप्रिलमध्ये मिरजेहून पाण्याची रेल्वे निघाली. पंढरपूर, कुर्डुवाडी, बार्शी करत सुमारे ३४० किलोमीटर. पहिल्या खेपेला दहा वाघिणी, सुमारे पाच लाख लिटर. कृष्णेकाठचं पाणी मांजरेच्या कोरड्या खोऱ्यात. ज्या वाटेनं शंभर वर्षं आमचं धान्य बाहेर गेलं, त्याच वाटेनं पाणी आत आलं.

पण ते पाणी शहरापर्यंत आलं. आसपासच्या गावांनी टँकरची वाट पाहिली. मला नेहमी तेच दिसतं. मोठी वाट होते, तिची छायाचित्रं निघतात. शेवटचे चार-पाच किलोमीटर तसेच राहतात. आजही ओढ्याला पाणी आलं की पलीकडच्या वस्तीवरच्या बाळंतिणीला बाजेवर घालून आणतात. तोट्यातला फेरा म्हणून मुक्कामी एसटी बंद होते, आणि मग सगळ्यात आधी शाळा सुटते ती मुलीची. हातात मोबाईल आहे, त्यावर दिल्लीची बातमी त्याच मिनिटाला कळते. पण तालुक्याला जायला गाडी नाही.

अर्ध्या आण्याच्या टपालानं एक रीत घालून दिली होती, लांबच्याला जास्त मोजायला लावायचं नाही. तोटा-नफ्याचा हिशेब डेपोत जरूर मांडावा. पण त्या वहीत ओढ्यापलीकडच्या पोरीचं अर्धं राहिलेलं शिक्षण कुठल्या रकान्यात लिहायचं, हेही कुणीतरी ठरवलं पाहिजे.