सिसिलीचे दफ्तर

क्रुसेड हा शब्द आपण शाळेतच ऐकलेला असतो. पोप दुसरा अर्बन याने १०९५ साली हाक दिली, युरोपातले सरदार क्रुसाचे चिन्ह अंगावर लावून पूर्वेकडे निघाले, १०९९ साली जेरुसलेम पडले आणि पुढची दोनशे वर्षे ख्रिस्ती व मुसलमान एकमेकांचे गळे कापीत राहिले, अशी काहीशी आठवण त्या शब्दाबरोबर मनात राहते. ही आठवण खोटी नाही. पण तेवढ्याने भूमध्य समुद्राकाठचे मध्ययुग समजले असे मानले, तर आपली फसगत होते. लढाई वर्षातून चार दिवस होते. उरलेले दिवस माणसांना शेत नांगरायचे असते, सारा भरायचा असतो, मुलींची लग्ने करायची असतात. ते उरलेले दिवस कसे गेले, हे आज आपण एका बेटापुरते पाहू. ते बेट म्हणजे सिसिली.

नकाशावर इटलीच्या पायाच्या अंगठ्यासमोर हे बेट पडलेले दिसते. त्याच्या पश्चिम टोकापासून आफ्रिकेचा किनारा शंभर मैलांपेक्षाही जवळ आहे. त्यामुळे ज्याला पूर्वेकडून पश्चिमेकडे जायचे किंवा दक्षिणेकडून उत्तरेकडे जायचे, त्याची नजर सिसिलीवर पडल्यावाचून राहत नसे. इ.स. ८२७ मध्ये आफ्रिकेतून अरबांचे आरमार येथे उतरले. ८३१ साली पालेर्मो त्यांच्या हाती आले, ९०२ साली ताओर्मिना पडले आणि बायझंटाईन ग्रीकांचे बेट मुसलमानांचे झाले. त्यांनी पाटबंधारे केले, लिंबू आणि ऊस लावला, पालेर्मोला मोठ्या शहराची कळा आणली. दहाव्या शतकात बगदादकडचा इब्न हौकल हा प्रवासी पालेर्मोत आला, तेव्हा तेथील मशिदींची संख्या पाहून तो चकित झाला. लोकांबद्दल मात्र त्याचे मत फारसे चांगले झाले नाही. पण प्रवाशांचे असे व्हायचेच.

पुढे अरब अमिरांत भाऊबंदकी माजली. त्यातल्या एकाने, इब्न अल्-थुम्ना याने, आपल्या प्रतिस्पर्ध्याचा काटा काढण्यासाठी इटलीत धुमाकूळ घालणाऱ्या नॉर्मन सरदारांना मदतीला बोलावले. १०६१ साली ते मेसिनाजवळ उतरले. घरच्या भांडणात बाहेरचा माणूस मध्यस्थ म्हणून घेतला की काय होते, हे आपल्या देशात कोणाला वेगळे सांगावे लागत नाही. १०७२ च्या जानेवारीत पालेर्मो रॉबर्ट गिस्कार्ड आणि त्याचा भाऊ रॉजर यांच्या हाती पडले. १०९१ साली शेवटचे नोतो शहरही शरण आले. म्हणजे पहिले क्रुसेड निघण्यापूर्वीच सिसिलीतल्या मुसलमानांवर ख्रिस्ती राज्य सुरू झाले होते.

आता नॉर्मनांपुढे प्रश्न असा पडला की हे बेट चालवायचे कसे? ते थोडे होते, लढण्यात तरबेज होते, पण लेखणीशी त्यांचे फारसे सख्य नव्हते. जमीन कोणाची, पाणी कोणाचे, कोणत्या गावाचा सारा किती, हे सारे अरबी आणि ग्रीक कागदांत होते आणि ते वाचणारी माणसेही त्यांच्यापैकीच होती. त्यांना हाकलले असते तर बेट हाती राहिले असते, उत्पन्न राहिले नसते. म्हणून शरण येणाऱ्या मुसलमानांना त्यांचा धर्म, त्यांचे काझी आणि त्यांचा कायदा ठेवू देण्यात आला. त्याची किंमतही होती. मुसलमानी अमलात ख्रिस्त्यांना आणि ज्यूंना जिझिया भरावा लागे. आता तोच कर, त्याच नावाने, मुसलमान आणि ज्यू ख्रिस्ती राजाला भरू लागले! राज्य उलटले, पण वहीचे पान तेच राहिले.

या वहीविषयी थोडे अधिक बोलले पाहिजे, कारण आमच्या मते सिसिलीचे सारे रहस्य तिच्यात आहे. पहिल्या रॉजरचा मुलगा दुसरा रॉजर याला ११३० च्या नाताळात पालेर्मोत राज्याभिषेक झाला. त्याने आपल्या कारभारासाठी कैरोच्या फातिमी खलिफांच्या कचेरीचा नमुना पुढे ठेवून अरबी दिवाण उभा केला. दिवाण हा शब्द आपल्या घरचाच आहे. इटालियन भाषेत जकातीला ‘दोगाना’ म्हणतात, तो त्याच शब्दाचा नातेवाईक. जमिनीच्या आणि कुळांच्या नोंदवह्यांना तेथील लॅटिन लेखक ‘देफेतारी’ म्हणत. हे रूप अरबी ‘दफातिर’चे, म्हणजे आपल्या ‘दफ्तर’ शब्दाचे अनेकवचन! पुण्याच्या पेशवे दफ्तरातले रुमाल आणि पालेर्मोच्या राजवाड्यातल्या वह्या यांना एकाच शब्दाने ओळखले जावे, हा योगायोग नाही; कारकुनीचा एक मोठा संसार त्या काळी अटलांटिकपासून हिंदुस्थानपर्यंत पसरलेला होता, त्याची ती खूण आहे. राजाच्या आरमाराच्या मुख्याला अमीर म्हणत, आणि युरोपातल्या भाषांतला ‘ॲडमिरल’ त्याच शब्दातून निघाला. रॉजरचा सर्वांत नामांकित अमीर, अँटिओकचा जॉर्ज, हा ग्रीक ख्रिस्ती होता आणि पूर्वी आफ्रिकेत महदियाच्या मुसलमान अमिराच्या पदरी होता. पुढे ११४८ साली ते महदिया त्यानेच रॉजरसाठी जिंकले.

राजवाड्यातले प्रार्थनामंदिर आजही उभे आहे. भिंतींवर ग्रीक कारागिरीची सोनेरी चित्रे, वर अरबी पद्धतीचे मधाच्या पोळ्यासारखे लाकडी छत, आणि त्या छतावर वादक, नर्तकी, बुद्धिबळ खेळणारी माणसे रंगविलेली. ११४२ साली रॉजरने पाण्यावर चालणारे घड्याळ करविले, तेव्हा त्याचा शिलालेख लॅटिन, ग्रीक आणि अरबी अशा तिन्ही भाषांत कोरला. त्याच्या पदरच्या ग्रिझांदुस नावाच्या पाद्र्याने आपली आई अॅना हिच्या थडग्यावर चार लिप्यांत लेख घातला. चौथी लिपी हिब्रू. अरबी पंडित अल्-इद्रीसी याने राजाच्या आज्ञेवरून सुमारे पंधरा वर्षे खपून जगाचा भूगोल लिहिला आणि सत्तर तुकड्यांत जगाचा नकाशा दिला. रॉजरच्या मृत्यूच्याच वर्षी, ११५४ साली, तो ग्रंथ पुरा झाला.

हे ऐकून आपल्या मनात एक सुंदर चित्र उभे राहते आणि तेथेच थांबण्याचा मोह होतो. पुष्कळ लेखक तेथे थांबलेही आहेत. परंतु ११५३ साली काय झाले तेही याच राजाच्या खाती आहे. महदियाचा फिलिप नावाचा त्याचा एक खोजा अमीर होता. मुसलमान जन्माचा, राजवाड्यात ख्रिस्ती म्हणून वाढलेला. आफ्रिकेतले बोना शहर जिंकून तो परत आला. तेथील विद्वान आणि सज्जन माणसांना त्याने मुलाबाळांसह निसटू दिले, असे अरबी इतिहासकार इब्न अल्-अथीर सांगतो. आतून हा मुसलमानच आहे असा त्याच्यावर आरोप झाला आणि रॉजरने त्याला जाळविले. इद्रीसीचा पोशिंदा आणि फिलिपचा मारेकरी एकच. मग कोणता रॉजर खरा? आम्हाला वाटते, दोन्ही. राजाला मुसलमान उपयोगी होते, आणि उपयोगापुरतेच ते सुरक्षित होते.

१९६१ साली नव्हे, ११६१ साली, म्हणजे आठशेहून अधिक वर्षांपूर्वी, हे राजाश्रयाचे छत किती पातळ आहे ते एका दिवसात दिसून आले. त्या मार्चमध्ये सरदारांनी बंड करून रॉजरचा मुलगा पहिला विल्यम याला त्याच्याच वाड्यात पकडले. राजा हतबल होताच पालेर्मोत मुसलमानांची कत्तल सुरू झाली. वाड्यातले खोजे मारले गेले, दिवाणातले कारकून आणि बाजारातले दुकानदार कापले गेले. बेटाच्या पूर्व भागात उत्तर इटलीतून नव्याने येऊन वसलेल्या लोंबार्डांनी मुसलमान खेड्यांवर हल्ले केले. या गोंधळात ती दफ्तरेही नाहीशी झाली. राजा सुटल्यावर पहिली अडचण कोणती आली? गावांची आणि जमिनींची नोंद कोणालाच ठाऊक नव्हती! शेवटी मॅथ्यू नावाच्या एका जाणत्या चिटणिसाला तुरुंगातून काढून ती पुन्हा लिहून घ्यावी लागली.

एवढे लक्षात ठेवून आता आपण मेसिनाच्या किनाऱ्यावर जाऊ. साल ११८४, महिना डिसेंबर. ग्रॅनाडाच्या सुभेदाराचा चिटणीस असलेला इब्न जुबैर हज करून घरी परतत आहे. ज्या जहाजातून तो आक्र्याहून निघाला ते जेनोआच्या ख्रिस्त्यांचे, आणि त्यावर जेरुसलेमची यात्रा करून परतणारे ख्रिस्ती यात्रेकरूही खच्चून भरलेले. सलाउद्दीनची आणि क्रुसेडवाल्यांची लढाई चालूच होती, तरी हाजी आणि ख्रिस्ती यात्रेकरू एकाच जहाजात होते. मेसिनाच्या सामुद्रधुनीत वादळाने ते जहाज फुटले. नावाडी मदतीला आले, पण किनाऱ्यावर पोचविण्याचे भाडे त्यांनी भलतेच मागितले. गरीब मुसलमान जहाजावरच अडकून राहिले. दुसरा विल्यम राजा त्या वेळी मेसिनात होता. तो स्वतः पाहण्यास आला, चौकशी केली आणि त्या माणसांना उतरवून घेण्यासाठी आपल्या खजिन्यातून शंभर नाणी देवविली. राजा तेथे नसता तर आपण सारे गुलाम झालो असतो, असे इब्न जुबैर लिहितो.

त्याच्या प्रवासवर्णनातली सिसिलीची पाने आम्ही पुन्हा पुन्हा वाचली आहेत. त्याला राजा आवडतो आणि राजा आवडतो याची भीतीही वाटते. हा राजा अरबी वाचतो, लिहितो, त्याचे खोजे आणि दासी चोरून नमाज पढतात हे त्याला ठाऊक आहे आणि तो डोळेझाक करतो. पूर्वी भूकंप झाला तेव्हा वाड्यात जिकडेतिकडे अल्लाचा धावा ऐकून, ज्याने त्याने आपापल्या देवाला हाक मारावी, असे त्यानेच सांगितले म्हणे. पालेर्मोत नाताळच्या दिवशी ख्रिस्ती बायका मुसलमान बायकांसारख्या बुरखा घेऊन, मेंदी लावून चर्चला निघालेल्या त्याने पाहिल्या.

पण तो मुक्काम वाढवितो तसतशी लोकांची तोंडे उघडू लागतात. मेसिनात अब्द अल्-मसीह नावाचा एक बडा खोजा त्याला एकांतात भेटतो, नोकर बाहेर घालवतो आणि मग मक्केच्या गोष्टी विचारतो. मुसलमानांचा पुढारी अबुल्-कासिम इब्न हम्मूद हा पिढीजात श्रीमंत. मोरोक्कोच्या मुवह्हिदांशी फितूर असल्याच्या संशयावरून त्याला तीस हजारांहून अधिक दिनार दंड झालेला. कुटुंबासह गुलाम म्हणून विकले जावे आणि त्या निमित्ताने तरी मुसलमानी मुलखात जावे, असे आपल्याला वाटते, इतके तो बोलून जातो. त्रापानीत एक बाप आपली उपवर मुलगी एका हाजीच्या स्वाधीन करायला निघतो. मेहेर नको, काही नको, फक्त तिला येथून घेऊन जा! मुलगीही कबूल होते. आणि याहूनही घरगुती एक गोष्ट इब्न जुबैरने नोंदविली आहे. बाप मुलावर रागावला, आई मुलीवर रागावली, तर ते पोर रागाच्या भरात चर्चमध्ये जाऊन बसते. तेथे त्याचा बाप्तिस्मा झाला की परतीची वाट बंद. म्हणून तेथील मुसलमान आईबाप स्वतःच्या मुलांना दटावायलाही भीत असत. कर, दंड, कत्तल यांची नोंद इतिहासात होते. जेवणाच्या पानावर गिळलेला हा शब्द सहसा नोंदला जात नाही. तो येथे नोंदला गेला, हे त्या हाजीचे आपल्यावरचे उपकार.

याच विल्यमने मोनरेआले येथील आपल्या नव्या मठाला विस्तीर्ण जमीन दिली आणि जमिनीबरोबर तीवरची मुसलमान कुळेही दिली. त्या कुळांच्या अरबी याद्या शिल्लक आहेत. नावे ओळीने मांडलेली, कुठे बापाचे नाव, कुठे धंद्याचे. जी माणसे काल राजाची होती ती आज बिशपाची झाली. ११८९ साली विल्यम निपुत्रिक वारला. पुढच्याच वर्षी पालेर्मोत पुन्हा कत्तल झाली आणि मुसलमान पश्चिमेच्या डोंगरांत निघून गेले. तेथून त्यांनी तीस वर्षे झुंज दिली.

ती झुंज मोडली सम्राट दुसरा फ्रेडरिक याने. हा रॉजरचा नातू, पालेर्मोत वाढलेला. पोपने बहिष्कृत केलेला असताना १२२९ साली सुलतान अल्-कामिलशी बोलणी करून त्याने रक्ताचा थेंब न सांडता जेरुसलेम मिळविले. त्याच फ्रेडरिकने सिसिलीतल्या मुसलमानांना उचलून दक्षिण इटलीच्या आपुलिया प्रांतात लुचेरा या गावी नेऊन बसविले. तेथे त्यांना मशिदी होत्या, काझी होता. त्यांचे तिरंदाज सम्राटाच्या फौजेत असत, आणि चारही बाजूंना ख्रिस्ती मुलूख असल्यामुळे सम्राटावाचून त्यांना दुसरा कोणी नव्हता. फ्रेडरिकचा वंश बुडाला. नवे आंजू घराणे आले, त्यानेही त्यांना काही काळ वापरले. मग १३०० च्या ऑगस्टमध्ये दुसऱ्या चार्लसने लुचेरा मोडून काढले. कारण धर्माचे सांगितले गेले. राजाच्या डोक्यावर कर्ज होते हेही तितकेच खरे. माणसे गुलाम म्हणून विकली, गुरे आणि धान्य विकले, आणि गावाला मेरीचे नाव दिले.

रॉजरचा अभिषेकाचा म्हणून ओळखला जाणारा लाल रेशमी झगा आज व्हिएन्नाच्या खजिन्यात आहे. त्यावर उंटावर झडप घातलेला सिंह जरीत काढला आहे. काठावर अरबी अक्षरे आहेत आणि साल दिले आहे ते हिजरी, ५२८. पुढे शतकानुशतके पवित्र रोमन सम्राट राज्याभिषेकाच्या वेळी हाच झगा घालीत. आणि सिसिलीच्या दक्षिणेला माल्टा बेट आहे. रॉजरने ११२७ साली ते ताब्यात घेतले. तेथले लोक आज कट्टर रोमन कॅथलिक आहेत, त्यांची भाषा मात्र त्या जुन्या सिसिलीतल्या अरबीची लेक आहे. देवाला ते ‘अल्ला’ म्हणतात, आणि ईस्टरपूर्वीच्या चाळीस दिवसांच्या उपवासाला ‘रन्दान’.