घुमट, पपई आणि एक बाई

चित्रकारानं रंग, कुंचला बाजूला ठेवून स्वतःच लोकांसमोर उभं राहायचं, याला कला म्हणायचं का, असं मला पुष्कळदा विचारलं जातं. सोंग घेणं आपल्याला नवं नाही. बालगंधर्वांची भामिनी आपण डोक्यावर घेतली. पण पडदा पडला की ते सोंग उतरत असे. रुम्माना हुसेन यांनी सोंगच घेतलं नाही. आपलं शरीर होतं तसं समोर आणलं.

त्यांचा जन्म १९५२ चा, बंगळुरूचा. घराणं अवधचं. वडील मेजर जनरल, खडकवासल्याच्या राष्ट्रीय संरक्षण प्रबोधिनीचे कमांडंट होते. मुंबईत रुम्माना तैलचित्रं काढीत. ६ डिसेंबर १९९२ रोजी बाबरी मशीद पाडली गेली, मुंबईत दंगली उसळल्या आणि माणसाच्या आधी त्याचं आडनाव पाहिलं जाऊ लागलं. त्यानंतर त्यांची कला पार बदलली. फुटलेली मातीची मडकी, गेरू, नीळ अशा घरगुती वस्तूंची मांडणी त्या करू लागल्या.

अर्धं मडकं पालथं घातलं की घुमट होतो. बिबी का मकबऱ्याच्या सावलीत वाढलेल्या आपल्या शहराला हे वेगळं सांगायला नको. मात्र रुम्मानांना त्याच आकारात बाईचं पोटही दिसलं. १९९५ साली मुंबईच्या एनसीपीएमध्ये त्या पायांत घुंगरू बांधून, हातात अर्धी चिरलेली पपई घेऊन चालत राहिल्या. तोंड 'आ' वासलेलं, किंकाळी फोडावी तसं. आवाज मात्र नाही. ऐकायला विचित्र वाटतं, कबूल आहे. पण ती पपई एकाच वेळी घुमट होती, गर्भाशय होती आणि चिरलेली जखमही होती. हे सारं एखाद्या चित्रात इतकं थेट आलं असतं, असं मला वाटत नाही.

१९९७ मध्ये त्यांनी बेगम हजरत महलच्या कबरीवर एक मांडणशिल्प केलं. १८५७ मध्ये लखनौ लढवणारी ही बेगम १८७९ साली काठमांडूत, परमुलखात वारली. आपल्या मकबऱ्यातली दिलरास बानू निदान नवऱ्याच्या राज्यात विसावली; हजरत महलला तेवढंही मिळालं नाही.

दरम्यान रुम्मानांना स्तनाचा कर्करोग झाला. शस्त्रक्रियेत स्तन काढावा लागला. १९९८ मधल्या सादरीकरणाचं नाव होतं 'इज इट व्हॉट यू थिंक?', म्हणजे 'तुम्हाला वाटतं तसं आहे का?' त्यात त्या एका मुस्लिम बाईविषयी प्रश्नांमागून प्रश्न वाचत गेल्या आणि आपला कृत्रिम स्तन त्यांनी लपवला नाही. बुरखा, धर्म, अब्रू यांवर तावातावानं बोलणाऱ्यांपुढे एक आजारी, थकलेलं, खरंखुरं शरीर होतं.

अशा कलेची अडचण एकच. करणारा गेला की मागे उरतात छायाचित्रं, व्हिडिओ आणि पाहणाऱ्यांच्या आठवणी. म्हणूनच आपल्या कलेच्या इतिहासात चित्रांना पानंच्या पानं मिळतात आणि रुम्मानांना एखादी ओळ. जुलै १९९९ मध्ये त्या गेल्या. त्यांचं शेवटचं काम, 'अ स्पेस फॉर हीलिंग', त्याच वर्षी ऑस्ट्रेलियात ब्रिस्बेनच्या प्रदर्शनात मांडलं गेलं. ती खोली थोडी रुग्णालयासारखी आहे, थोडी मशिदीसारखी. तिथल्या क्वीन्सलँड आर्ट गॅलरीनं ती आपल्या संग्रहात जपली आहे.