संकेतधुनीचे जनक : वाल्टर काउफमन

भोपाळ येथील आकाशवाणी केंद्र १९५६ साली सुरू झाले. तंबोऱ्याच्या साथीने व्हायोलिनवर वाजणारी जी संकेतधून तेथील श्रोत्यांच्या कानी पडू लागली, ती त्या वेळी वीस वर्षांची होती. आणि ती ज्यांची रचना मानली जाते, त्यांना हा देश सोडून दहा वर्षे लोटली होती. मुंबई, नागपूर, भोपाळ अशा किती तरी केंद्रांवरून ही धून घरोघर पोहोचली. परंतु वाल्टर काउफमन हे नाव मात्र थोड्यांनाच ठाऊक झाले.

काउफमन यांचा जन्म १ एप्रिल १९०७ रोजी बोहेमियातील कार्ल्सबाड येथे एका ज्यू कुटुंबात झाला. हे गाव तेव्हा ऑस्ट्रिया-हंगेरीच्या साम्राज्यात होते, महायुद्धानंतर ते चेकोस्लोव्हाकियात आले आणि १९३८ साली हिटलरने ते गिळंकृत केले. बर्लिन येथे फ्रान्झ श्रेकर यांच्यापाशी काउफमन यांनी संगीतरचनेचे शिक्षण घेतले आणि पुढे प्रागच्या जर्मन विद्यापीठात संगीतशास्त्राचा अभ्यास केला. पण आपले प्राध्यापक नात्सी युवक चळवळीचे पुढारी आहेत हे कळताच त्यांनी तेथील डॉक्टरेट स्वीकारण्यास नकार दिला.

हिटलर सत्तेवर आल्यावर ज्यू कलावंतांना मध्य युरोपात थारा उरला नाही. काउफमन १९३४ च्या फेब्रुवारीत मुंबईस उतरले. या शहराला ज्यू समाज परका नव्हता. कोकणातून येऊन स्थायिक झालेले बेने इस्रायल तर मराठीच बोलत. परके होते ते काउफमन यांच्या कानांना येथील संगीत! भारतीय गायनाच्या ध्वनिमुद्रिका प्रथम ऐकल्या तेव्हा त्यांना काहीच उमगले नाही. परंतु लक्षावधी लोक ज्या संगीतावर प्रेम करतात, त्यात दोष कसा असेल? उणीव आपल्याच श्रवणात आहे, असा निष्कर्ष त्यांनी काढला. सत्तेच्या काळात आलेल्या किती युरोपीय पंडितांना ही नम्रता साधली होती?

मुंबईत येताच काही महिन्यांत त्यांनी 'बॉम्बे चेंबर म्युझिक सोसायटी' स्थापन केली. ते स्वतः पियानो वाजवीत आणि व्हायोलिनवर मेहली मेहता असत. मे १९३७ पर्यंत या मंडळाच्या १३६ मैफिली झाल्या. (याच मेहलींचे पुत्र झुबिन मेहता यांनी पुढे इस्रायल फिलहार्मोनिक वाद्यवृंदाची धुरा २०१९ पर्यंत वाहिली.) दुसरीकडे काउफमन आकाशवाणीच्या मुंबई केंद्रावर पाश्चात्त्य संगीत विभागाचे प्रमुख झाले आणि १९४६ पर्यंत त्या पदावर राहिले.

संकेतधुनीत त्यांनी आधार घेतला तो शिवरंजनी रागाचा. मध्यम आणि निषाद वर्ज्य, गंधार कोमल, असा हा पाच स्वरांचा करुण राग. परंपरेने तो रात्रीचा मानतात, पण या धुनीमुळे लक्षावधी घरांत तो पहाटेचा झाला. पाश्चात्त्य धाटणीचा स्वरमेळ तीत नाही. तंबोऱ्याच्या अखंड षड्जावर एकच स्वररेषा उमलत जाते. ऐकण्याची साधना ज्याने केली, त्यालाच एवढा संयम सुचावा.

१९४६ साली काउफमन इंग्लंडला गेले. पुढे कॅनडात विनिपेग येथील वाद्यवृंदाचे संचालन त्यांनी १९४८ ते १९५७ पर्यंत केले. त्यानंतर अमेरिकेतील इंडियाना विद्यापीठात ते अध्यापक झाले. उत्तर हिंदुस्थानातील रागांवरील त्यांचा विस्तृत ग्रंथ १९६८ साली प्रसिद्ध झाला आणि १९७६ साली दक्षिणेकडील रागांवरचा. मुंबईत सुरू झालेला अभ्यास असा चार दशके चालला. ९ सप्टेंबर १९८४ रोजी त्यांचे निधन झाले.

आश्रय मागावयास आलेल्या माणसाने आश्रयदात्या देशाला त्याच्याच रागातील स्वर परत दिले. देशाने ते इतके आपले मानले की देणाऱ्याचे नाव विचारण्याचेही त्याला भान राहिले नाही. कलावंताच्या दृष्टीने हा विजय असेल. कृतज्ञतेच्या हिशेबात मात्र ते ऋण अद्याप फिटलेले नाही.