कामाचा हक्क मिळवून देणारे सभापती : कै. वि. स. पागे

देवळाचा जीर्णोद्धार पूर्ण झाला म्हणजे देणगीदारांची नावे संगमरवरी फरशीवर कोरली जातात. तसे होणे योग्यच आहे. परंतु देवळापर्यंत येणारा रस्ता, शिवारातील नालाबांध, विहिरींना पाणी देणारा पाझर तलाव यांवर ज्यांचा घाम सांडला, त्यांची नावे कोठेही कोरलेली नसतात. ती नावे एकेकाळी केवळ हजेरीपटावर होती. मराठवाड्यातील कित्येक गावांची अशी कामे प्रथम दुष्काळी कामांतून व पुढे रोजगार हमी योजनेतून झाली. या योजनेचे जनक म्हणून महाराष्ट्र ज्यांना ओळखतो, त्या कै. विठ्ठल सखाराम पागे यांचे स्मरण अशा मंगल प्रसंगी करणे उचित ठरेल.

पागे हे सांगलीकडचे. स्वातंत्र्य चळवळीतून पुढे आलेले, गांधी विचारांचे व संतवाङ्मयाची गोडी असलेले गृहस्थ. १ मे १९६० रोजी महाराष्ट्र राज्य स्थापन झाले. त्याच वर्षी ते विधान परिषदेचे सभापती झाले आणि १९७८ पर्यंत त्या आसनावर राहिले. यशवंतराव चव्हाणांपासून वसंतदादा पाटलांपर्यंत मुख्यमंत्री बदलत गेले, सभापती मात्र तेच राहिले. सभापतीचे आसन मानाचे खरे, पण बंधनाचेही आहे. त्याला कोणत्याही पक्षाची बाजू घेऊन वादात उतरता येत नाही. दोन्हीकडची मते समान पडली तरच त्याला मत देता येते. त्याच्या हाती ना खाते असते, ना तिजोरीची किल्ली. अशा माणसाने खेड्यातील भूमिहीन मजुराचा प्रश्न हाती घेतला व शेवटास नेला, हेच त्यांच्या कारकिर्दीचे वैशिष्ट्य होय.

पागे यांचे म्हणणे साधे होते. ज्याला अंगमेहनतीचे काम करावयाची इच्छा आहे, त्याला काम मिळालेच पाहिजे. ते काम गावाच्या उपयोगी पडणारे असावे. रस्ते, बांधबंदिस्ती, तलाव अशा कामांतून मजुराची चूलही पेटेल आणि जमिनीचा कसही सुधारेल. हा विचार त्यांनी मुख्यमंत्री वसंतराव नाईक यांच्यापुढे मांडला. तासगाव तालुक्यातील विसापूर भागात त्याचा प्रयोग करण्यात आला.

तोच १९७२ चा दुष्काळ आला. त्या वेळच्या औरंगाबाद जिल्ह्यात जालना, अंबड, भोकरदन हे तालुकेही मोडत होते. जालना जिल्हा १ मे १९८१ रोजी वेगळा झाला. या साऱ्या टापूत पावसाने पाठ फिरविली. विहिरी आटल्या, गुरे कवडीमोलाने गेली. खाऊनपिऊन सुखी असलेले शेतकरीही कुटुंबासह खडी फोडावयास गेले. मिलोची लाल भाकरी आणि कामावर वाटली जाणारी सुकडी ज्यांनी खाल्ली, त्यांना त्या दिवसांचे वर्णन सांगावयास नको. मे १९७३ मध्ये राज्यातील दुष्काळी कामांवर सुमारे ५० लाख मजूर होते. घमेले आणि टिकाव यांनी त्या वर्षी महाराष्ट्र जगविला.

येथे एक भेद ध्यानात घेतला पाहिजे. दुष्काळी काम व रोजगार हमी ही एकच वस्तू नव्हे. दुष्काळी काम आणेवारीवर अवलंबून असे. आणेवारी कमी लागली, टंचाई जाहीर झाली, की कामे निघत. पाऊस पडला की बंद होत. परंतु ज्याच्या नावावर गुंठाभरही जमीन नाही, त्याला सुकाळातही शेतीची कामे सरली म्हणजे उन्हाळा दुष्काळासारखाच असतो. रोजगार हमीने आणेवारीची ही अट काढून टाकली. पूर्वी मजूर काम द्या म्हणून विनवणी करी. आता काम मागणे हा त्याचा हक्क झाला.

यासाठी पैसा कोठून आणावयाचा? १९७५ साली व्यवसाय कर सुरू झाला. शहरातील नोकरदार व व्यावसायिक यांच्याकडून येणारी रक्कम या योजनेकडे वळविण्यात आली. कराच्या उत्पन्नाइतकीच भर शासनाने घालावयाची, असे ठरले. पागे सभापती असतानाच १९७७ साली रोजगार हमीचा कायदा मंजूर झाला आणि २६ जानेवारी १९७९ पासून तो अंमलात आला. नाव नोंदवून काम मागणाऱ्यास पंधरा दिवसांत काम द्यावे, न दिल्यास दररोज किमान एक रुपया बेकारी भत्ता द्यावा, असे त्यात लिहिले गेले. एक रुपया ही रक्कम लहान खरी, पण काम न देणे हा शासनाचा दोष आहे, अशी कबुली त्या रुपयात होती. स्त्री व पुरुष यांना मापाप्रमाणे एकाच दराने मजुरी मिळू लागली, हेही लहान काम नव्हे.

योजना दोषरहित होती असे नाही. हजेरीपटावर खोटी नावे चढली, मजुरीचे वाटप लांबले, काही कामे अर्धवट पडून राहिली. तरीसुद्धा लाखो घरांना गाव सोडावे लागले नाही. १९९० पासून याच योजनेला फळबाग लागवड जोडण्यात आली व आपल्या भागात मोसंबीच्या बागा वाढण्यास तिचा हातभार लागला. २००५ साली संसदेने साऱ्या देशासाठी वर्षाला १०० दिवसांच्या कामाचा कायदा केला, त्याचे मूळ महाराष्ट्राच्या या योजनेत होते. फेब्रुवारी २००६ मध्ये ज्या २०० जिल्ह्यांत तो प्रथम लागू झाला, त्यांत आपला जिल्हाही होता.

मुंबईस विधान मंडळाच्या संसदीय प्रशिक्षण केंद्राला पागे यांचे नाव देण्यात आले आहे. परंतु त्यांचे खरे स्मारक गावोगावच्या बांधावर आणि तलावाच्या भरावावर आहे. कळसाचे दर्शन घेऊन परतताना भाविकांनी त्या भरावाकडेही एकवार पाहावे. तेथे राबलेल्या आयाबहिणींचे व बापभावांचे श्रमही देवाच्या दारी रुजू झालेले आहेत. ज्याच्या हाताला काम हवे त्याला ते सन्मानाने मिळत राहो, हीच ईश्वरचरणी प्रार्थना.