शेतावरची तार

शेतात टॉवरचा खड्डा खणायला माणसं आली की शेतकरी विचारतो, "सातबारा माझ्या नावावर, मग मला न विचारता खणता कसे?" बहुतेक वेळा उत्तर येतं, "टेलिग्राफ ॲक्ट." विजेच्या टॉवरला तारखात्याचा कायदा लागतो, ही गोष्ट ऐकणाऱ्याला थट्टेची वाटते. पण ती खरी आहे.

१८५४ पर्यंत मुंबई, कलकत्ता, आग्रा आणि मद्रास तारेने जोडली गेली होती. १८५७ च्या उठावात इंग्रजांना तारेची किंमत कळली. पुढे १८८५ चा इंडियन टेलिग्राफ ॲक्ट आला. त्याच्या कलम १० ने तारखात्याला कोणाच्याही जमिनीवर खांब रोवण्याचा आणि तार ओढण्याचा अधिकार दिला. जमीन मात्र सरकारची होत नाही, सरकारला मिळतो तो फक्त वापराचा हक्क. नुकसान कमीत कमी करायचं, आणि झालेल्याची पूर्ण भरपाई द्यायची. स्थानिक स्वराज्य संस्थेच्या जागेत खांब रोवायचा तर तिची परवानगी लागे, खासगी मालकाची लागत नसे. मालक आडवा आलाच तर कलम १६ नुसार जिल्हादंडाधिकारी वाट मोकळी करून देई, आणि भरपाईचा वाद जिल्हा न्यायाधीशाकडे जाई.

हा हिशेब लाकडी खांबाचा होता. त्याला हातभर जागा लागे आणि भोवतीचं पीक तसंच उभं राही.

मग वीज आली. १९१० च्या इंडियन इलेक्ट्रिसिटी ॲक्टने नवा हक्क घडवण्याऐवजी तयार हक्क उसना घेतला. कलम ५१ खाली सरकार तारखात्याचे अधिकार वीज कंपनीला देऊ शकत होतं. पाच वर्षांनी, १९१५ साली, खोपोलीची वीज मुंबईच्या गिरण्यांपर्यंत पोचली. २००३ च्या विद्युत कायद्यात हेच कलम १६४ क्रमांकाने उतरलं.

शब्द तेच राहिले, तार बदलली. आज ४०० केव्हीच्या वाहिनीखाली ४६ मीटर रुंदीचा पट्टा धरतात, तर ७६५ केव्हीच्या दुहेरी वाहिनीखाली ६७ मीटरचा. त्या पट्ट्यात घर बांधता येत नाही, आंबा किंवा नारळ वाढू देता येत नाही. सातबारा मालकाचाच राहतो, पण गिऱ्हाईक भाव पाडून मागतं. 'वापराचा हक्क' या दोन शब्दांत आता जमिनीचा मोठा भाग जातो. हरकतींचं मूळ इथे आहे.

न्यायालयांनी आजवर टॉवर अडवण्यापेक्षा भरपाईकडे जास्त पाहिलं. केरळ वीज मंडळ विरुद्ध लिविशा या खटल्यात, २००७ साली, सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की भरपाईला एकच ठरीव सूत्र नाही; जमीन कुठे आहे, तार कुठून जाते, तुकडा केवढा आहे, हे पाहून ती ठरवावी. पॉवर ग्रिड विरुद्ध सेंच्युरी टेक्स्टाइल्स या खटल्यात, डिसेंबर २०१६ मध्ये, त्याच न्यायालयाने म्हटलं की तारखात्याचे अधिकार मिळालेल्या कंपनीला मालकाची संमती लागत नाही. भरपाईचे आकडे केंद्राच्या मार्गदर्शक सूचनांत आले. २०१५ साली टॉवरच्या पायाखालच्या जागेला जमिनीच्या किमतीच्या ८५ टक्के आणि पट्ट्याला जास्तीत जास्त १५ टक्के ठरले. २०२४ साली पायाला २०० टक्के आणि पट्ट्याला ३० टक्के. लाकडी खांबाचा हिशेब बदलायला शतकाहून जास्त काळ लागला.

जुलै २०१३ मध्ये देशातली तारसेवा बंद झाली. १८८५ च्या कायद्याची जागा २०२३ च्या दूरसंचार कायद्याने घेतली, पण कलम १६४ खालच्या वीजवाहिन्यांसाठी जुन्या कायद्याचा तिसरा भाग मुद्दाम जिवंत ठेवला. खांब रोवण्याचा हक्क त्याच भागात आहे.

म्हणून हरकत घेणाऱ्याने आधी एक कागद मागावा: कंपनीला कलम १६४ चा आदेश मिळाला आहे का? नसेल तर २००६ च्या नियमांनुसार मालकाची किंवा कब्जेदाराची संमती लागते, आणि त्याने हरकत घेतली तर जिल्हादंडाधिकाऱ्याची किंवा पोलीस आयुक्ताची परवानगी. आदेश असेल तर टॉवर थांबवणं अवघड आहे. पण भरपाई कमी वाटली तर जिल्हा न्यायाधीशाचं दार १८८५ पासून उघडं आहे.