कमी पाण्यात बहावा, गुलमोहर : नगरच्या हवेत फुलवृक्षांची निगा

अकोले तालुक्यातील घाटघर-रतनवाडीचा पावसाळी पट्टा वगळला, तर अहमदनगर (२०२४ पासून अहिल्यानगर) जिल्ह्याचा बहुतांश भाग पर्जन्यछायेत येतो. पावसाची वार्षिक सरासरी ५५० ते ५८० मिलिमीटरच्या घरात असून तो प्रामुख्याने जून ते सप्टेंबर या काळातच पडतो. उरलेले आठ महिने झाडाला जमिनीत मुरलेल्या ओलीवर काढावे लागतात. हे वाळवंट नव्हे. तथापि २०१२-१३ आणि २०१८-१९ च्या टंचाईत पाथर्डी, पारनेरसारख्या तालुक्यांत पिण्याचे पाणीही टँकरने पुरवावे लागले होते. अशा प्रदेशात शोभेचे झाड जगवायचे, तर बादलीबादलीचा हिशेब ठेवणे क्रमप्राप्त ठरते.

हा हिशेब सोपा आहे. एक चौरस मीटरच्या आळ्यात १० लिटर पाणी ओतले, की ते १० मिलिमीटर पावसाइतके होते. मे महिन्यात उघड्या भांड्यातील पाणी दिवसाकाठी साधारण तेवढेच आटते. म्हणजे रोज संध्याकाळी नळी धरून बुंध्याशी दिलेले दोन-तीन लिटर पाणी वरच्या बोटभर मातीतच राहते व दुसऱ्या दिवशी उडून जाते. मुळेही मग ओलीच्या मागे वरच राहतात. पुढच्या टंचाईत सर्वांत आधी वाळतात ती अशीच रोज पाणी प्यायलेली झाडे. त्याऐवजी तेच पाणी साठवून आठवड्यातून एकदा, पण सावकाश आणि भरपूर द्यावे. पाणी कुठवर पोचले, हे दुसऱ्या दिवशी खुरप्याने उकरून पाहावे. वीतभर खाली माती कोरडी असेल तर पाणी कमी पडले असे समजावे.

लावणीनंतरचे पहिले दोन उन्हाळे निर्णायक असतात. मुरमाड जमिनीत पाणी पटकन झिरपून जाते, म्हणून पहिल्या उन्हाळ्यात दर तीन-चार दिवसांनी १५ ते २० लिटर द्यावे. काळ्या जमिनीत आठ दिवसांचे अंतर चालते. दुसऱ्या वर्षी पाणी दुप्पट आणि अंतरही दुप्पट करावे. आळेही दरवर्षी बाहेर सरकवावे, कारण पाणी शोषणारी मुळे बुंध्याशी नसून फांद्यांच्या घेराच्या कडेला असतात. मोसंबीच्या बागांत डिंक्या रोग टाळण्यासाठी बुंध्याभोवती मातीची भर देऊन दुहेरी आळे करतात. तीच रीत बंगल्याच्या आवारातील बहाव्यालाही मानवते.

ताण हवाच

डाळिंब-मोसंबीचा शेतकरी बहार धरण्यापूर्वी पाणी तोडून झाडाला ताण देतो, हे या जिल्ह्यात कोणाला सांगावे लागत नाही. शहरातील बागप्रेमींना मात्र नेमका त्याचाच विसर पडतो. बहावा व गुलमोहर कोरड्या दिवसांत पाने गाळतात आणि एप्रिल-मेच्या उन्हात फुलतात. पानगळ पाहून झाड वाळले या समजुतीने पाण्याचा मारा केला, की पालवी फोफावते आणि फुले रोडावतात. वाळल्याची शंका आलीच तर डहाळीची साल नखाने खरवडावी. आत हिरवे दिसले तर झाड जिवंत आहे. बोगनवेल तर ताणावरच बहरते.

झाडाची निवड चुकली, तर मात्र कोणतीही निगा पुरी पडत नाही. ताम्हण हे महाराष्ट्राचे राज्यपुष्प. पण ते मूळचे ओलाव्याच्या जागचे, नदी-ओढ्याकाठचे झाड आहे. सीता अशोक आणि कैलासपतीचीही तीच गत. पाण्याची शाश्वती नसेल तेथे बहावा, पळस, पांगारा, कांचन, चाफा, कण्हेर बरे. चाफा खोडातच पाणी साठवतो, त्यामुळे काळ्या जमिनीत तो तहानेपेक्षा अतिपाण्याने कुजून मरण्याची शक्यता अधिक. मादागास्करहून आलेला गुलमोहर काटक खरा. मात्र त्याची मुळे उथळ व फांद्या ठिसूळ असल्याने वळवाच्या वादळात तो मोडतो. भिंतीलगत किंवा विजेच्या तारांखाली त्याला जागा देऊ नये.

जुन्या शहरातील जमिनीचा प्रश्न वेगळाच आहे. नगरच्या भुईकोट किल्ल्यात १९४२ ते १९४५ या काळात स्थानबद्ध असताना पंडित नेहरू बागकाम करीत. तेथील जमीन दगडगोट्यांनी व जुन्या बांधकामांच्या राडारोड्याने भरलेली असल्याचे त्यांनी नमूद केले आहे. गावठाणात आजही अनेक ठिकाणी कुदळ मारली की विटा-चुनाच हाती लागतो. अशा जागी तीन फूट लांब-रुंद-खोल खड्डा घेऊन राडारोडा काढावा आणि पोयट्याची माती व शेणखत भरावे. चुनखडीच्या जमिनीत पाने पिवळी व शिरा तेवढ्या हिरव्या दिसल्या, तर ते तहानेचे नव्हे, लोहाच्या कमतरतेचे लक्षण होय. त्यावर अर्धा टक्का फेरस सल्फेटची फवारणी करतात.

आच्छादनासाठी साखर कारखान्यांच्या या जिल्ह्यात उसाच्या पाचटाइतके स्वस्त साधन नाही. वीतभर थर आळ्यात पसरावा, बुंध्यापासून चार बोटे दूर ठेवावा आणि वाळवी लागत नाही ना, हे अधूनमधून उचलून पाहावे.

बोअरच्या पाण्याबाबत सावधगिरी आवश्यक आहे. क्षारयुक्त पाणी थोडे थोडे दिल्यास क्षार वरच साचतात, मातीवर पांढरा पापुद्रा धरतो आणि पानांच्या कडा करपतात. घरगुती शुद्धीकरण यंत्रातून बाहेर पडणाऱ्या पाण्यात हे क्षार मूळ पाण्याहूनही जास्त असतात. ते सरसकट झाडांना घालू नये. वातानुकूलन यंत्राचे ठिबकणारे पाणी मात्र चालते.

छाटणी फुले ओसरल्यावर करावी आणि वाळक्या, एकमेकींवर घासणाऱ्या फांद्यांपुरतीच मर्यादित ठेवावी. नागरी भागात महाराष्ट्र (नागरी क्षेत्रे) झाडांचे संरक्षण व जतन अधिनियम, १९७५ लागू आहे. त्यामुळे स्वतःच्या आवारातील झाडही तोडण्यापूर्वी वृक्ष प्राधिकरणाची परवानगी घ्यावी लागते; मोठ्या छाटणीपूर्वीही पालिकेच्या उद्यान विभागाकडे चौकशी केलेली बरी.